पाटणादेवीच्या ओढ्यातील स्वर्गीय नर्तक

मुंबई–भुसावळ लोहमार्गावरील चाळीसगाव हे स्थानक खानदेशातील व्यापारी कुटुंबांच्या चांगल्या परिचयाचे आहे. येथूनच धुळ्याकडे रेल्वेचा फाटा निघतो आणि येथूनच महामार्ग औट्रम घाट चढून कन्नडकडे व पुढे छत्रपती संभाजीनगरकडे जातो. कापूस, धान्य आणि किराणा यांच्या निमित्ताने या घाटातून पिढ्यान्‌पिढ्या ये-जा होत आली आहे. इ.स. १८२५ मध्ये खानदेशात भिल्ल पलटण उभारणाऱ्या जेम्स औट्रम या इंग्रज अधिकाऱ्याचे नाव घाटाला चिकटले आणि ते आजही टिकून आहे. घाटाच्या वळणांवर दोन्ही हातांना जे रान पसरलेले दिसते, त्याकडे मात्र प्रवाशांचे लक्ष वाहनाच्या खिडकीतून जाईल तेवढेच जाते. त्या रानाच्या एका ओल्या, सावलीच्या कोपऱ्यात भारतातील अत्यंत देखण्या पक्ष्यांपैकी एक पक्षी वावरतो. मराठीत त्याला ‘स्वर्गीय नर्तक’ म्हणतात.

हे रान म्हणजे गौताळा–औट्रमघाट अभयारण्य. शासनाने १९८६ साली ते घोषित केले. जळगाव आणि छत्रपती संभाजीनगर या दोन जिल्ह्यांत मिळून त्याचा विस्तार सुमारे २६० चौरस किलोमीटर आहे. सातमाळा आणि अजिंठा या डोंगररांगांनी येथे खानदेशचे मैदान आणि मराठवाड्याचे पठार यांच्यामध्ये एक उभी भिंत घातली आहे. पठारावरून पाहिले तर डोंगर फारसे उंच वाटत नाहीत. परंतु चाळीसगावच्या बाजूने त्यांचे कडे सरळ उभे दिसतात आणि पावसाळ्यात त्यांवरून पाण्याच्या पांढऱ्या धारा कोसळू लागतात.

पाटण्याची वाट

चाळीसगावहून नैर्ऋत्येस सुमारे १८ किलोमीटरवर पाटणे हे गाव आहे. तेथून रस्ता डोंगरांच्या कुशीत शिरतो आणि चंडिकादेवीच्या प्राचीन मंदिरापाशी थांबतो. हीच पाटणादेवी. नवरात्रात येथे मोठी गर्दी असते; इतर दिवशी मात्र माणसांपेक्षा पाखरांचेच आवाज अधिक ऐकू येतात. तिन्ही बाजूंना डोंगर, समोर ओढा आणि काठाने दाट झाडी अशी ही जागा आहे.

या खोऱ्याला मोठा इतिहास आहे. पाटण्याच्या शिलालेखाचा शोध एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी घेतला. इ.स. १२०७ च्या या लेखावरून असे कळते की, थोर गणिती भास्कराचार्य यांचे नातू चांगदेव यांनी येथे मठ स्थापिला आणि त्यात आजोबांच्या ‘सिद्धांतशिरोमणी’ व इतर ग्रंथांचे अध्ययन व्हावे अशी व्यवस्था केली. निकुंभ वंशातील स्थानिक राजांनी या मठाला दाने दिली. जवळच्याच कन्हेरगडाच्या डोंगरात ‘नागार्जुन कोठी’ या नावाने ओळखले जाणारे लहानसे जैन लेणे आहे. कातळातच कोरलेल्या तीर्थंकरांच्या मूर्ती तेथे आहेत. डोंगराच्या माथ्याकडे पितळखोऱ्याची बौद्ध लेणी आहेत. त्यांतील सर्वांत जुनी लेणी इसवी सनापूर्वीची. तेथील एका खांबावर पैठणच्या मितदेव नावाच्या गांधिकाचे, म्हणजे सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याच्या घराण्यातील दात्याचे, नाव कोरलेले आहे. व्यापाऱ्यांचे तांडे पठारावरून खानदेशात उतरत, तेव्हा त्यांची वाट या डोंगरांतूनच जात असे.

विद्यार्थी, साधू आणि व्यापारी या सर्वांना येथे थांबावेसे का वाटले असेल, याचे एक उत्तर चैत्र-वैशाखात पाटणादेवीला गेल्यावर मिळते. डोंगरउतारांवरचे रान त्या दिवसांत उघडेबोडके झालेले असते. ओढ्याच्या घळीत मात्र सावली असते आणि कुठेतरी पाण्याचा डोह शिल्लक असतो.

कोरड्या रानातील हिरवी पट्टी

वनशास्त्राच्या वर्गीकरणानुसार गौताळ्याचे जंगल उष्णकटिबंधीय शुष्क पानझडी प्रकारात मोडते. उष्णकटिबंधीय अरण्य म्हटले की बाराही महिने हिरवे, ओलेचिंब रान डोळ्यांपुढे येते. परंतु उष्ण कटिबंधातील पुष्कळशी अरण्ये वर्षातील काही महिने पूर्णपणे निष्पर्ण असतात आणि खानदेशातील अरण्य त्यांपैकीच आहे. धावडा, सालई, खैर, पळस अशी झाडे पाऊस संपल्यावर हळूहळू पाने गाळू लागतात. होळीच्या सुमारास उतारांवर पळसाचा केशरी रंग आणि सालईच्या फिकट खोडांची चमक एवढेच उरते. पान गाळणे हा या झाडांचा पाणी राखण्याचा उपाय आहे. पान नसेल तर पानावाटे बाष्पही उडत नाही.

ओढ्याच्या काठची स्थिती वेगळी असते. कड्यांनी सूर्य अडविलेला असतो, जमिनीत ओल टिकलेली असते आणि म्हणून तेथे उंबर, जांभूळ, करंज यांसारखी अधिक पाणी मागणारी झाडे वाढतात. त्यांच्या फांद्या वर एकमेकींत गुंततात, खाली वेली व झुडपे माजतात आणि जमिनीवर पालापाचोळ्याचा जाड थर साचतो. डोंगरावरून पाहिल्यास ही हिरवी पट्टी एखाद्या लांब वस्त्राच्या काठासारखी दिसते. तिची रुंदी काही ठिकाणी शंभर पावलेही नसते. अभयारण्याच्या शेकडो चौरस किलोमीटरांत अशा पट्ट्यांचा वाटा अगदी थोडा आहे. तरी उन्हाळ्यात रानातील जीवनाचा मोठा भाग त्यांच्याच आधारावर चालतो. स्वर्गीय नर्तकाचे घर म्हणजे ही पट्टी.

पक्ष्याचे रूप

स्वर्गीय नर्तकाचे शरीर बुलबुलाएवढे, वजन जेमतेम २० ग्रॅम. प्रौढ नराच्या शेपटीतील मधली दोन पिसे मात्र ३० सेंटिमीटरपर्यंत लांब होतात. फितींसारखी ही पिसे उडताना मागे लहरत जातात आणि फांदीवर बसल्यावर खाली लोंबतात. डोके काळेभोर, त्यावर निळसर झळाळी आणि ताठ तुरा. डोळ्याभोवती निळे कडे. उरलेले अंग काही नरांचे शुभ्र, तर काहींचे तांबूस असते. मादी तांबूस पाठीची, आखूड शेपटीची आणि राखी गळ्याची. कोवळ्या वयाचे नरही मादीसारखेच तांबूस व आखूड शेपटीचे दिसतात. लांब शेपटी दुसऱ्या वा तिसऱ्या वर्षी येते. त्यामुळे एकाच ओढ्यावर पांढरा, लांब शेपटीचा तांबूस आणि आखूड शेपटीचा तांबूस असे तीन पक्षी दिसले, तर ते तीन वेगळ्या जातींचे असावेत असा समज सहज होतो. प्रत्यक्षात ते एकाच जातीचे असतात. श्रीलंकेत स्थायिक असलेल्या उपजातीत तर नर कधीच पांढरा होत नाही; तो जन्मभर तांबूसच राहतो.

उत्तर भारतात या पक्ष्याला ‘दूधराज’ आणि ‘शाहबुलबुल’ अशी नावे आहेत. खानदेशाला लागून असलेल्या मध्य प्रदेशाने दूधराजाला आपला राज्यपक्षी मानले आहे. बुलबुलाशी त्याचे नाते नाही. तुऱ्यामुळे ते नाव पडले असावे.

त्याला पाहायचे तर उंच शेंड्यांकडे नव्हे, झाडांच्या मधल्या उंचीकडे नजर ठेवावी लागते. वरच्या पानांचे छत आणि खालची झुडपे यांच्यामध्ये जी मोकळी, अंधुक जागा असते, तेथे तो फांदीवर ताठ बसून राहतो. एखादा कीटक उडाला की झेप घेऊन हवेतच टिपतो आणि पुन्हा फांदीवर येतो. दुपारनंतर तो पाण्यावर येतो. काठावर उतरून पाणी अंगावर घेण्याऐवजी तो फांदीवरून थेट डोहात सूर मारतो, क्षणात बाहेर येतो आणि पिसे झटकीत बसतो. असे तो अनेकदा करतो. पांढरा नर अंधाऱ्या घळीत हा खेळ करीत असताना पाहणाऱ्याला ‘नर्तक’ हे नाव वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

कोणत्या खात्यावर नोंद?

या पक्ष्याच्या वर्गीकरणाची कथा एखाद्या जुन्या पेढीच्या खतावणीसारखी आहे. एकच नोंद तीन वेळा तीन खात्यांवर फिरली आणि अखेरीस पहिल्या खात्याच्या शेजारीच येऊन स्थिरावली.

स्वीडनचे निसर्गशास्त्रज्ञ कार्ल लिनीअस यांनी १७५८ साली आपल्या ‘सिस्टेमा नॅचुरी’ या ग्रंथाच्या दहाव्या आवृत्तीत या पक्ष्याला शास्त्रीय नाव दिले. लिनीअस भारतात कधी आले नव्हते. इतरांनी केलेली वर्णने व चित्रे यांवरून त्यांनी त्याला ‘कॉर्व्हस पॅरॅडिसी’ म्हटले. ‘कॉर्व्हस’ ही कावळ्यांची प्रजाती. म्हणजे हा ‘स्वर्गातील कावळा’ ठरला. वीस ग्रॅमच्या नाजूक पाखराला कावळा म्हणणे पुढच्या अभ्यासकांना मान्य होणे शक्यच नव्हते. १८२७ साली जर्मन अभ्यासक ग्लोगर यांनी त्याच्यासाठी ‘टर्प्सिफोन’ ही स्वतंत्र प्रजाती केली. ग्रीक भाषेत त्याचा अर्थ ‘ज्याचा आवाज आनंद देतो असा’. येथेही थोडी गंमत आहे. विणीच्या काळात हा पक्षी मंजुळ गातो हे खरे; पण वर्षभर ऐकू येणारी त्याची साद चिरकी आणि कर्कश असते.

पुढे दीर्घकाळ तो माशीमार पक्ष्यांच्या ‘मस्किकॅपिडी’ या कुलात धरला जाई. हवेत कीटक टिपणारा, चपट्या चोचीचा आणि चोचीच्या मुळाशी राठ केस असलेला पक्षी माशीमारच असणार, हा तर्क वरवर निर्दोष होता. पाटणादेवीच्या ओढ्यासारख्या ठिकाणी निळ्या पाठीचा, केशरी छातीचा छोटा माशीमारही त्याच झाडीत त्याच रीतीने कीटक टिपताना दिसतो. दोघे भाऊबंद असावेत असे वाटणे स्वाभाविक आहे.

१९८० च्या दशकात चार्ल्स सिब्ली आणि जॉन आल्क्विस्ट या अमेरिकी शास्त्रज्ञांनी पक्ष्यांच्या डीएनएची तुलना करून गाणाऱ्या पक्ष्यांची सर्व वंशावळ नव्याने तपासली. तेव्हा असे दिसून आले की, दिसण्यातील व वागण्यातील साम्य पुष्कळदा उपजीविकेच्या साम्यातून येते, रक्ताच्या नात्यातून नव्हे. निळा माशीमार हा दयाळाचा नातलग निघाला. स्वर्गीय नर्तकाचे गोत्र निराळेच ठरले. तो आता ‘मोनार्किडी’ या कुलात मोडतो. पंख्यासारखी शेपटी फुलविणारा नाचण आणि तारेवर बसणारा काळा कोतवाल हे त्याचे जवळचे आप्त आहेत आणि या सर्वांचे मोठे घराणे कावळ्याच्या घराण्याशी एक आहे. या घराण्याचा उगम ऑस्ट्रेलिया व न्यू गिनीच्या परिसरात झाला आणि तेथून त्याच्या शाखा जगभर पसरल्या असे आज मानले जाते. लिनीअस यांनी अपुऱ्या माहितीवर जी पहिली नोंद केली, ती तपशिलात चुकली होती, पण घराणे मात्र तिने बरोबर गाठले होते.

नंतरच्या काळात जातींची विभागणीही बदलली. पूर्वी इराणच्या पूर्वेपासून चीनपर्यंतचे सर्व नर्तक ‘आशियाई’ या एकाच जातीत गणले जात. आता त्यांच्या तीन जाती मानल्या जातात. चीन-कोरियाकडील एक, आग्नेय आशियातील एक आणि मध्य आशिया ते श्रीलंका या पट्ट्यातील ‘टर्प्सिफोन पॅरॅडिसी’ ही तिसरी. निकोबार बेटांवरचा पक्षी राजकीयदृष्ट्या भारतीय असला, तरी वंशाने तो आग्नेय आशियातील जातीचा आहे. खानदेशात दिसणारा पक्षी टर्प्सिफोन पॅरॅडिसी या जातीचा. उत्तरेकडील व हिमालयाच्या पायथ्याचे पक्षी हिवाळ्यात दक्षिणेकडे सरकतात. म्हणून थंडीच्या आधी आणि नंतर तो गावाजवळच्या दाट आमराईत किंवा जुन्या वाड्याच्या बागेतही काही दिवस मुक्कामाला येऊ शकतो.

घरटे

विणीचा हंगाम साधारण मे ते जुलै असतो. उन्हाळ्याचा शेवट आणि पावसाचा आरंभ या संधिकाळात रानात कीटकांची संख्या वाढते. पिलांना नेमके तेच हवे असते. चातुर्मासाला प्रारंभ होतो त्या सुमारास कित्येक घरट्यांतील पिले उडून गेलेली असतात.

घरटे म्हणजे एक सुबक पेला. बारीक काड्या व सुके गवत यांचा हा पेला कोळ्याच्या जाळ्याच्या धाग्यांनी बाहेरून बांधून घट्ट केलेला असतो. तो खालच्या फांदीच्या टोकाशी, बहुधा पाण्याच्या जवळ असतो. मादी तीन ते चार अंडी घालते. घरटे बांधणे, अंडी उबविणे आणि पिलांना भरविणे ही सर्व कामे नर-मादी दोघेही करतात. शुभ्र नर आपली लांब शेपटी बाहेर लोंबत ठेवून त्या एवढ्याशा पेल्यात बसलेला असतो, तेव्हा तो लपून राहणे अशक्यच. पुष्कळदा घरटे कोतवालाच्या घरट्याजवळ बांधलेले आढळते. कोतवाल शिकारी पक्ष्यांवर आणि कावळ्यांवर निर्भयपणे तुटून पडतो. त्याच्या आश्रयाने नर्तकाच्या पिलांचेही रक्षण होते. नर्तकाच्या पिलांना चष्मेवाला या दुसऱ्याच पक्ष्याने कीटक भरविल्याची नोंदही भारतातील निरीक्षकांनी केली आहे.

या वर्णनात एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. घरट्याला खालची फांदी हवी, ती सावलीत हवी, जवळ पाणी हवे, बांधणीसाठी कोळी हवेत आणि पिलांसाठी उडते कीटक हवेत. यांतील एकही वस्तू बाजारात मिळत नाही आणि बाहेरून आणून पुरविताही येत नाही.

दाणा न वेचणारा पाहुणा

पाखरांना दाणा घालण्याची परंपरा जैन कुटुंबांत घरोघरी आहे. गच्चीवर, चबुतऱ्यावर सकाळी ज्वारी-बाजरी टाकली की पारवे, चिमण्या, होले जमतात. ही परंपरा सुंदर आहे. परंतु जो पक्षी दाणा वेचतच नाही, त्याच्यापर्यंत ती पोहोचत नाही. स्वर्गीय नर्तक कीटकांवर जगतो. ती त्याची निसर्गाने दिलेली वृत्ती आहे आणि ती बदलता येत नाही. पाटणादेवीला दर्शनाला आलेले कुटुंब ओढ्याकाठी मूठभर धान्य किंवा उरलेला प्रसाद ठेवून जाते, तेव्हा त्याच्या मनात दयाच असते. त्या अन्नावर मात्र माकडे आणि कावळे येतात. माकडांचे कळप घरटी धुंडाळतात, कावळे अंडी आणि पिले उचलतात. फांदीच्या टोकावरचे पेल्यासारखे घरटे त्यांच्या नजरेतून सुटत नाही. अशा रीतीने दयेपोटी ठेवलेल्या अन्नाने एखाद्या जीवाचे अहितही होऊ शकते. तो जीव कोण, कशावर जगतो, कोठे राहतो हे समजले, म्हणजे त्याच्यासाठी काय करावे हेही समजते.

या पक्ष्यासाठी करण्यासारखे पहिले काम म्हणजे त्याच्या रानाला आगीपासून जपणे. फाल्गुनापासून जेठापर्यंत गौताळ्याचे उतार वाळलेल्या गवताने आणि पाल्याने भरलेले असतात. एक विडी, एक पेटती काडी किंवा स्वयंपाकासाठी दगडांत पेटवून न विझविता सोडलेली चूल वणव्याला पुरेशी होते. मोठी झाडे पुष्कळदा वणव्यातून वाचतात. जळते ते खालचे रान: रोपे, झुडपे, वेली, पालापाचोळा आणि त्यांतील कोळी व कीटक. वरून झाडे उभी दिसतात आणि जंगल जसेच्या तसे आहे असे वाटते. नर्तकाचे घर मात्र गेलेले असते. आग दरवर्षी लागली तर नवी रोपे वर येतच नाहीत, आणि म्हाताऱ्या झाडांच्या जागी पुढे काहीच उरत नाही.

दुसरे काम पाण्याचे. भर उन्हाळ्यात ओढ्यात जे दोन-तीन डोह शिल्लक राहतात, त्यांत साबण लावून आंघोळ करणे, भांडी घासणे, निर्माल्य व प्लॅस्टिकच्या पिशव्या टाकणे यांमुळे रानातील सर्व जीवांचे एकमेव पाणी नासते. तिसरे काम आवाजाचे. विणीच्या दिवसांत घरट्यापाशी घोळक्याने उभे राहून छायाचित्रे घेतली, किंवा घळीत ध्वनिक्षेपक लावले, तर पालक पक्षी घरट्यापासून दूर राहतात आणि तेवढ्या वेळात पिले उपाशी राहतात किंवा कावळ्याच्या तावडीत सापडतात.

सध्या जागतिक पातळीवर ही जात धोक्यात असलेल्यांत गणली जात नाही. तिचा प्रदेश विस्तीर्ण आहे. परंतु तिच्याच एका आप्ताची कथा विचार करायला लावणारी आहे. हिंदी महासागरातील सेशेल्स द्वीपसमूहात काळ्या रंगाचा स्वर्गीय नर्तक आढळतो. शोकवस्त्रासारख्या काळ्या पिसांमुळे आणि लांब शेपटीमुळे तेथील लोक त्याला ‘विधवा’ या अर्थाच्या नावाने ओळखतात. सखल, ओलसर जागेतील जुन्या झाडांची राई हे त्याचे घर. तेथे घरे आणि पर्यटकांसाठी निवासस्थाने उभी राहिली, राई तुटत गेली आणि हा पक्षी ला दीग या एकाच लहान बेटावर तगून राहिला. अखेर २००८ साली त्यांतील २३ पक्षी पकडून डेनिस या दुसऱ्या बेटावर नेण्यात आले, जेणेकरून एका बेटावर संकट आले तरी जात समूळ नष्ट होऊ नये. तेथे ते रुजले. त्याआधी त्या बेटावर योग्य झाडी राखावी लागली, तेव्हाच हे साधले. पक्षी विमानाने नेता येतो, त्याचे रान नेता येत नाही.

ओढा आणि गाव

पाटणादेवीच्या डोंगरांतून उतरणारे पाणी डोंगरी नदीने चाळीसगावकडे जाते आणि गावाजवळ तितूर नदीला मिळते. ३१ ऑगस्ट २०२१ रोजी या डोंगरांवर एका रात्रीत प्रचंड पाऊस कोसळला. दोन्ही नद्यांना पूर आला, चाळीसगावच्या वस्तीत आणि दुकानांत पाणी शिरले, औट्रम घाटात दरडी कोसळून वाहतूक थांबली. अनेक गावांत जनावरे वाहून गेली. त्या दिवसाची आठवण चाळीसगावच्या व्यापाऱ्यांना सांगावी लागत नाही. इतक्या मोठ्या पावसाला कोणतेही जंगल पूर्णपणे अडवू शकत नाही. परंतु सर्वसाधारण पावसात पालापाचोळ्याचा थर आणि मुळांचे जाळे पाणी जिरविते, मातीला धरून ठेवते आणि पाऊस संपल्यावरही ओढ्याला पाझर देत राहते. ज्या थरात नर्तकासाठी कीटक जन्मतात, तोच थर गावाच्या विहिरींसाठी पाणी मुरवितो. वणव्याने तो जळाला तर नुकसान दोघांचेही होते.

चाळीसगावहून पाटणादेवीची वारी एका दिवसात सहज होते. पहाटे निघून सूर्य कड्यावर येण्याआधी पोहोचावे. वनविभागाच्या तपासणी नाक्यावर नोंद करावी. मंदिरात दर्शन घेऊन ओढ्याच्या काठाने धवलतीर्थाच्या दिशेने चालावे. कपडे मळकट रंगाचे असावेत, मुलांना हळू बोलण्यास सांगावे आणि डोहापासून थोडे अंतर राखून सावलीत बसावे. शिदोरीतील सर्व काही, अगदी केळीची साल आणि कागदसुद्धा, पिशवीत घालून परत न्यावे. प्रथम नाचण दिसेल, मग कदाचित निळा माशीमार येईल. स्वर्गीय नर्तक पहिल्याच भेटीत दिसेल असे नाही. बऱ्याचदा त्याची चिरकी साद तेवढी ऐकू येते आणि पानांआड काहीतरी पांढरे हलते.

परतल्यावरही काही करता येते. गिरणीच्या, गोदामाच्या, शाळेच्या किंवा धर्मशाळेच्या आवारात ज्यांची थोडी जागा असेल, त्यांनी शोभेच्या विदेशी झाडांऐवजी करंज, जांभूळ, उंबर लावावेत. त्यांच्याखालचा पाला रोज झाडून जाळू नये. सावलीत एक उथळ कुंडी पाण्याने भरून ठेवावी आणि ती दर दोन दिवसांनी धुवावी. त्या आवारात कीटकनाशकांची फवारणी टाळावी. ही झाडे वाढायला आठ-दहा वर्षे लागतील. त्यानंतर आश्विन-कार्तिकाच्या सुमारास दक्षिणेकडे निघालेला एखादा तांबूस पक्षी त्या कुंडीवर उतरेल, दोन सूर मारील आणि दुसऱ्या दिवशी पुढच्या वाटेला लागेल.